चार इंचांची उडी

उंदीर पडायला लागले की गाव सोडायचं. प्लेगच्या वर्षांच्या आठवणी ज्या घरांत पुढच्या पिढ्यांपर्यंत पोचल्या, तिथं हे वाक्य ऐकायला मिळतं. आढ्यावरून, माळ्यावरून उंदीर खाली पडायचे, तडफडून मरायचे. ते दिसलं की माणसं घराला कुलूप घालून, गुरं आणि भांडीकुंडी घेऊन माळावर झोपड्या बांधून राहायची. कुणी मरीआईचा कोप म्हणायचं, कुणी हवा बिघडली म्हणायचं. कारण काहीही सांगितलं तरी करायची गोष्ट एकच होती, आणि ती बरोबर होती. वेळेवर माळावर गेलेली माणसं पुष्कळदा वाचली.

का वाचली, याचं उत्तर जेमतेम अडीच मिलिमीटरच्या एका किड्याच्या शरीरात आहे. तो किडा म्हणजे पिसू. तिची उडी किती उंच जाते, तिला भूक कधी लागते, तिच्या गळ्यात काय अडकतं, ती कुठल्या जातीची आहे, असल्या बारीक गोष्टींवर शहरांचं जगणं-मरणं ठरलं. आणि या बारीक गोष्टी शोधण्यासाठी काही माणसांनी आयुष्यं घातली. त्यातलं फार मोठं काम आपल्या परळला झालं. प्लेग म्हटलं की आपल्याला रँड आणि चापेकर आठवतात, ते आठवायलाच हवेत. पण पिसूची गोष्ट आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही, याची मला खंत वाटते.

आधी ओळख नीट करून घेऊ, कारण ऊ, गोचीड आणि पिसू यांत फार गल्लत होते. कुत्र्याच्या कानाला चिकटून रक्त पिऊन टम्म फुगते ती गोचीड. तिला आठ पाय असतात, ती कोळ्याच्या नात्यातली. ऊ केसांत जन्मते आणि केसांतच मरते. पिसूला सहा पाय, रंग तपकिरी, पंख नाहीत, आणि शरीर दोन्ही बाजूंनी चपटं, एखादं नाणं कडेवर उभं करावं तसं. या चपटेपणामुळे ती जनावराच्या दाट केसांतून सहज सरकते. अंगावरचे तिचे राठ केस सगळे मागे वळलेले असतात, त्यामुळे पुढे जाताना काही अडत नाही, पण मागे ओढून काढायला गेलं तर ते केस गुंततात. बऱ्याच जातींना तोंडाखाली किंवा मानेमागे फणीसारखे दाते असतात. चिमटीत धरून दाबली तरी ती मरत नाही, दोन नखांत चिरडावी लागते. जगात पिसवांच्या सुमारे २५०० जाती नोंदल्या गेल्या आहेत आणि त्यातल्या बऱ्याचशा उंदीर, घूस, खार अशा कुरतडणाऱ्या प्राण्यांवर जगतात.

पिसूचं आयुष्य फुलपाखरासारखं चार टप्प्यांचं असतं: अंडं, अळी, कोष आणि मग पूर्ण वाढलेली पिसू. आपण मांजर-कुत्र्यावर पाहतो तो फक्त शेवटचा टप्पा. मांजरावरची पिसू, जी कुत्र्यांवरही सर्रास सापडते, ती ऐन भरात दिवसाला ४०-५० अंडी घालते. अंडी गुळगुळीत असल्यामुळे केसांत टिकत नाहीत, घरंगळून जनावराच्या झोपायच्या जागी पडतात. अंड्यातून निघणाऱ्या अळीला पाय नसतात, डोळे नसतात, आणि ती चावतही नाही. मग खाते काय? आईची विष्ठा. पिसू गरजेपेक्षा कितीतरी जास्त रक्त पिते, आणि त्यातलं बरंचसं न पचलेलं रक्त काळ्या कणांच्या रूपानं बाहेर टाकते. ते कण अंड्यांच्या सोबतीनं खाली पडतात आणि पिल्लांचं अन्न बनतात. पक्षी चोचीतून चारा भरवतात, तसंच हे चारणं म्हणायला हरकत नाही. हेच काळे कण पिसू ओळखायची सोपी खूणही आहेत. कुत्र्याच्या अंगावरून विंचरून काढलेली काळी पूड ओल्या पांढऱ्या कपड्यावर ठेवली आणि तिच्याभोवती तांबूस डाग पसरला, तर ती माती नाही, पिसूची विष्ठा आहे.

अळी मोठी झाली की स्वतःभोवती चिकट धाग्यांचा कोष विणते. त्याला धूळ, माती, केस चिकटतात आणि तो आसपासच्या कचऱ्यात मिसळून जातो. आत पिसू तयार होते, पण लगेच बाहेर पडेलच असं नाही. बाहेर रक्त नसेल तर घाईनं निघून उपाशी मरण्यात काय अर्थ! ती कोषातच थांबते, आणि परिस्थिती जुळली तर कित्येक महिने थांबू शकते. जमिनीचा हादरा, अंगाची ऊब, श्वासातला कार्बन डायऑक्साइड, यांतलं काही जाणवलं की क्षणात बाहेर येते. बरेच दिवस बंद असलेलं घर उघडावं, दोन पावलं आत टाकावीत आणि पायांना पिसवा लागाव्यात, हा अनुभव येतो तो यामुळे. घरात कुणीच राहत नव्हतं मग पिसवा आल्या कुठून, असा प्रश्न पडतो. त्या आलेल्या नसतात, वाट पाहत बसलेल्या असतात. म्हणूनच एकदा औषध मारून भागत नाही. कोषातल्या पिसूपर्यंत बहुतेक औषधं पोचत नाहीत. जनावराला पशुवैद्याच्या सल्ल्यानं औषध, त्याचं अंथरूण गरम पाण्यात धुणं, कानाकोपरे पुन्हापुन्हा झाडून काढणं, हे सगळं काही आठवडे चालू ठेवावं लागतं.

आता उडी. पिसूबद्दल ज्याला काहीच माहीत नाही त्यालाही तिची उडी माहीत असते. उंदरावरची पिसू साधारण चार इंच उंच उडते, म्हणजे स्वतःच्या लांबीच्या चाळीस पट. कुत्र्यावरची पिसू मांजरावरच्या पिसूपेक्षा उंच उडते, हे फ्रान्समधल्या तुलूझच्या पशुवैद्यक संशोधकांनी मोजून दाखवलं आहे. पण खरं कोडं उंचीचं नाही, वेळेचं आहे. पिसू जमीन सोडते ती सेकंदाच्या सुमारे हजाराव्या हिश्श्यात. त्या वेळी तिच्या शरीरावर गुरुत्वाकर्षणाच्या शंभर पटींहून जास्त जोर येतो. इतक्या कमी वेळात कुठलाही स्नायू आकुंचन पावू शकत नाही. मग उडी मारतं कोण?

१९६७ मध्ये हेन्री बेनेट-क्लार्क आणि एरिक लूसी यांनी याचं उत्तर मांडलं. पिसू बेचकी वापरते. बेचकीचं रबर आपण हळूहळू ताणतो, आणि सोडल्यावर दगड मात्र हातानं कधीच फेकता येणार नाही इतक्या वेगानं जातो. ताकद हाताचीच, फक्त ती रबरात साठवून एकदम मोकळी केलेली. पिसू मागचे पाय दुमडते, स्नायू सावकाश आवळते आणि छातीच्या कडेला असलेली एक लवचीक गादी दाबून ठेवते. मग अडकवलेली कळ सुटावी तशी ती गादी उसळते आणि सगळा जोर पायांत उतरतो. ही गादी रेझिलिन नावाच्या प्रथिनाची असते. डेन्मार्कच्या टॉर्केल वाइस-फो यांनी हे प्रथिन १९६० मध्ये टोळाच्या आणि चतुराच्या पंखांच्या सांध्यांत शोधलं होतं. त्यात घातलेली जवळजवळ सगळी ऊर्जा परत मिळते, चांगल्यातलं चांगलं रबरही त्याच्या मागे पडतं.

पंखांच्या सांध्यातलं प्रथिन बिनपंखाच्या पिसूत कसं? कारण पिसूचे पूर्वज उडणारे कीटक होते. रक्तावर जगताना, केसांत घुसताना पंखांची अडचणच झाली असणार, ते गेले. पण पंख हलवणाऱ्या सांध्याचं सामान शरीरात राहिलं आणि पिसूनं ते पायांच्या कामाला लावलं. पिसूबद्दल मला ठाऊक असलेल्या सगळ्या गोष्टींत ही मला सर्वांत सुंदर वाटते. जिचं उडणं गेलं, तिनं त्याच यंत्रावर उडी बसवली.

एक वाद मात्र उरला. साठवलेला जोर जमिनीपर्यंत पोचतो कुठून? बेनेट-क्लार्क म्हणत होते पायाच्या टोकातून. मिरियम रॉथशील्ड, ज्यांच्याबद्दल पुढे येईलच, म्हणत होत्या वरच्या सांध्यातून, म्हणजे गुडघ्यासारख्या भागातून. तेव्हाचे कॅमेरे याचा निकाल लावण्याइतके वेगवान नव्हते. तो लागला २०११ मध्ये. केंब्रिजच्या ग्रेगरी सटन आणि माल्कम बरोज यांनी साळूसारख्या काटेरी हेजहॉग या प्राण्यावरच्या पिसवांचं चित्रण केलं. अंधारात या पिसवा निश्चल बसतात आणि उजेड पडला की उडतात, हे लक्षात आल्यामुळे कॅमेऱ्यासमोर त्यांना धरून ठेवणं सोपं गेलं. ५१ उड्या तपासल्या. दहातल्या एका उडीत तो गुडघा जमिनीला टेकतच नव्हता, तरी उडी तितकीच जोरदार होती. शिवाय पायाच्या टोकाला जमीन पकडणारे काटे होते, गुडघा गुळगुळीत होता. बेनेट-क्लार्क बरोबर ठरले. इतक्या लहान प्रश्नाला ४४ वर्षं लागली, हे वाचून मला तरी धीर येतो.

ही उडी फक्त चार इंच आहे, यावर लाखो माणसांचा जीव टांगलेला होता. ते कसं, त्यासाठी १८९६ च्या मुंबईत जावं लागेल.

त्या वर्षी सप्टेंबरात मांडवी भागात काखेत, जांघेत गाठी येऊन तापानं माणसं दगावू लागली. हा प्लेग आहे, हे ओळखणारे डॉक्टर होते अकासियो गाब्रिएल व्हिएगस, मूळचे गोव्यातल्या हडफड्याचे. रोगाचा जंतू दोन वर्षांपूर्वी, १८९४ मध्ये, हाँगकाँगला अलेक्झांडर येर्सिन यांनी शोधला होता. जंतू माहीत होता, पण तो एका शरीरातून दुसऱ्यात जातो कसा, हे माहीत नव्हतं. रोग घाणीत, जमिनीत, कपड्यांत, माणसाच्या स्पर्शात आहे असं समजून सरकारनं फरशा उखडल्या, भिंतींना जंतुनाशक चुना फासला, सामान जाळलं, माणसांना घरातून ओढून छावण्यांत नेलं. पुण्यात या जुलमाचं पुढे काय झालं ते सर्वांना ठाऊक आहे. त्याच पुण्यात, मुंढव्याच्या एका आजारी मुलाला पाठीवर घेऊन आपल्या डॉक्टर मुलाच्या दवाखान्यात पोचवणाऱ्या सावित्रीबाई फुले १० मार्च १८९७ रोजी प्लेगनं गेल्या. रोगाची वाट माहीत नसताना झालेला हा सगळा संहार आहे.

ती वाट पहिल्यांदा दाखवली पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच डॉक्टरनं. पाश्चर संस्थेनं त्याला येर्सिनचं प्लेगवरचं सीरम टोचण्यासाठी हिंदुस्थानात पाठवलं होतं. रुग्ण तपासताना काहींच्या पायावर, ज्या अंगाला गाठ आली असेल त्याच अंगाला, एक बारीक फोड त्याला दिसला. फोडात प्लेगचे जंतू होते. जणू रोग तिथून आत शिरला होता. एका लोकरीच्या कारखान्यात सकाळी मेलेले उंदीर सापडले. ते उचलणाऱ्या मजुरांतलेच कित्येक आजारी पडले, बाकीचे कामगार नाहीत. सिमाँनं आणखी एक गोष्ट पाहिली होती. मेलेला उंदीर थंडगार झाला की त्याला हात लावला तरी धोका कमी असे, नुकताच मेलेला उंदीर मात्र घातक. थंड झालेल्या अंगावर काय नसतं? पिसवा. पिसूला गरम रक्त लागतं, उंदीर गार पडू लागला की त्या त्याला सोडून जातात.

२ जून १८९८ ला कराचीत त्यानं प्रयोग केला. एका मोठ्या बरणीत प्लेग झालेला उंदीर ठेवला. त्याच्या अंगावर पिसवा होत्याच, त्यात हॉटेलच्या आवारात हिंडणाऱ्या एका मांजराच्या अंगावरच्या पिसवाही सोडल्या. उंदीर मरायला टेकला तेव्हा त्याच बरणीत जाळीच्या छोट्या पिंजऱ्यात एक धडधाकट उंदीर टांगला. दोघांचा स्पर्श होणं शक्य नव्हतं. जाळीतून जाऊ शकत होत्या फक्त पिसवा. पाचव्या दिवशी दुसरा उंदीर आजारी पडला आणि सहाव्या दिवशी मेला. त्याच्या शरीरभर प्लेगचे जंतू सापडले.

शोध लागला होता, पण कुणी मानला नाही. हिंदुस्थान सरकारच्या पहिल्या प्लेग आयोगानं ही कल्पना विचारात घेण्याजोगीही मानली नाही. त्या काळात प्लेगनं किती माणसं मेली हे आठवलं की या नकाराचा आजही त्रास होतो.

सिमाँला खरं ठरवलं ते परळनं. हाफकिन यांनी सुरू केलेली प्लेगची प्रयोगशाळा १८९९ मध्ये परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसमध्ये आली होती, तीच आजची हाफकिन संस्था. तिथले डॉक्टर ग्लेन लिस्टन मुंबईच्या चाळींतून पिसवा गोळा करत फिरले. एरवी माणसाच्या अंगावर उंदराची पिसू क्वचित सापडे. पण ज्या घरात उंदीर मेले होते तिथल्या माणसांच्या अंगावरच्या पिसवांत उंदराच्याच पिसवा भरपूर होत्या. म्हणजे उंदीर मेल्यावर पोरक्या झालेल्या पिसवा नाइलाजानं माणसाकडे वळत होत्या. हे काम लिस्टन यांनी १९०५ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात छापलं. त्याच वर्षी नवं संशोधन मंडळ कामाला लागलं आणि परळच्या आवारात मुंबईच्या घरांसारख्या छोट्या खोल्या बांधल्या गेल्या, काही देशी कौलांच्या, काही मंगळुरी कौलांच्या. देशी कौलांच्या थरांत उंदीर घरं करतात, मंगळुरी कौलांत त्यांना तशी जागा मिळत नाही, म्हणून हा फरक महत्त्वाचा होता.

आता चार इंचांवर येऊ. पिसवांनी भरलेल्या खोलीत गिनीपिगचे पिंजरे ठेवले: एक जमिनीवर, एक जमिनीपासून दोन इंचांवर, एक दोन फुटांवर टांगलेला. रोग हवेतून पसरत असता तर तिघांनाही झाला असता. खालच्या दोन पिंजऱ्यांतल्या प्राण्यांना प्लेग झाला, दोन फुटांवरचे ठणठणीत राहिले. पिसू तिथवर उडू शकत नव्हती. पिंजऱ्याभोवती पिसूच्या उडीपेक्षा रुंद चिकट कागद अंथरला तरीही आतले प्राणी वाचत, आणि कागदावर पिसवा अडकलेल्या सापडत. बारीक जाळीआड ठेवलेले प्राणीही वाचले. इतका साधा आणि इतका निर्णायक प्रयोग विज्ञानात क्वचित होतो. एका किड्याची उडी किती, एवढं माहीत असलं आणि पिंजरा टांगायला दोरी असली की पुरे.

मंडळानं साथीचं वेळापत्रकही मांडलं. गटारांत राहणाऱ्या मोठ्या तपकिरी उंदरांत साथ आधी येते. साधारण दहा दिवसांनी घरातल्या काळ्या उंदरांत, आणि त्यानंतर दहा ते चौदा दिवसांनी माणसांत. घरातला उंदीर मेला की पिसवा दोन-तीन दिवस उपाशी राहतात, मग माणसाला चावतात, आणि चावल्यावर ताप यायला आणखी काही दिवस जातात. म्हणजे पहिला उंदीर पडणं आणि पहिला माणूस आजारी पडणं, यांच्यामध्ये थोडा अवधी असतो. आपले लोक नेमक्या त्याच अवधीत गाव सोडत होते. माळावरच्या झोपडीत माळा नाही, कौलं नाहीत, धान्याची कणगी नाही, उंदीर नाही. आणि पिसवा मागे, बंद घरात, उपाशी.

पण पिसूनं चावल्यावर जंतू माणसात जातात तरी कसे? डासासारखी तिची लाळ दूषित नसते. हे कोडं १९१४ मध्ये लंडनच्या लिस्टर संस्थेत आर्थर बेकट आणि चार्ल्स मार्टिन यांनी सोडवलं. बेकट हे एका कचेरीत कारकून होते आणि सुट्टीच्या वेळात कीटक पाळून त्यांचा अभ्यास करत. त्यातली त्यांची हातोटी पाहून संस्थेनं त्यांना नोकरीवर घेतलं. त्यांना दिसलं ते असं: पिसूच्या पोटाच्या तोंडाशी एक झडप असते, आतून काट्यांनी भरलेली. प्लेगचे जंतू त्या काट्यांत वाढून गठ्ठा करतात आणि वाट बुजते. आता पिसू कितीही प्यायली तरी रक्त पोटात उतरत नाही. घशापर्यंत येतं, गठ्ठ्याला धडकतं आणि पिसूनं ओढणं थांबवलं की जंतूंसकट उलटं जखमेत जातं. पोट रिकामंच, म्हणून ती पुन्हा चावते. मग पुन्हा. भुकेनं आणि तहानेनं मरेपर्यंत ती जो मिळेल त्याला चावत सुटते. जंतूनं पिसूला उपाशी ठेवून स्वतःची वाहतूक करून घेतलेली असते. बेकट पुढे कैरोला टायफस तापाचा अभ्यास करताना त्याच तापानं १९२२ मध्ये वारले.

हा गठ्ठा बनतो कसा, हे कळायला अजून ऐंशी-एक वर्षं गेली. अमेरिकेतल्या माँटाना राज्यात जोसेफ हिनेबुश आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की प्लेगच्या जंतूत काही ठरावीक जनुकं आहेत. त्यांच्यामुळे जंतू एकमेकांना धरून चिकट थर तयार करतात, नाल्यातल्या दगडावर शेवाळी बुळबुळीत थर बसतो तसा. ती जनुकं काढून टाकली तर जंतू पिसूच्या पोटात जगतात, पण झडप बुजवू शकत नाहीत. गठ्ठा न होताही सुरुवातीच्या दिवसांत काही पिसवा रोग पसरवतात, असंही अलीकडच्या प्रयोगांत दिसलं आहे.

सगळ्या पिसवा सारख्या नसतात, आणि इथं त्यांच्या नावांचा, जातींचा अभ्यास करणाऱ्यांचं मोल कळतं. चार्ल्स रॉथशील्ड हे लंडनच्या प्रसिद्ध सावकारी घराण्यातले. दिवसा पेढीवर, उरलेल्या वेळात पिसवा. सुमारे ५०० नव्या जाती त्यांनी नोंदवल्या. सुदानात नाईलच्या काठी शेंडी या गावाजवळ सापडलेल्या एका पिसूचं वर्णन त्यांनी १९०३ मध्ये छापलं आणि पिरॅमिड बांधणाऱ्या चिऑप्स राजावरून तिला चिओपिस नाव दिलं. मुंबईच्या उंदरांवर जी होती, ती हीच. तिच्यासारख्याच दिसणाऱ्या दुसऱ्या एका जातीला त्यांनी पुढे अ‍ॅस्टिया असं वेगळं नाव दिलं. फरक इतका बारीक की सूक्ष्मदर्शकाशिवाय दिसणार नाही. पण कोलंबोत फेबियन हर्स्ट यांनी पिसवा मोजल्या तेव्हा त्यांना दिसलं की तिथं आणि मद्रासेत अ‍ॅस्टियाच जास्त आहे, आणि ती प्लेग पसरवण्यात कच्ची आहे. मुंबई-पुणे होरपळत असताना मद्रास बऱ्यापैकी का वाचली, याचं मोठं कारण त्या बारीक फरकात होतं. कोलंबोत जिथं बाहेरून आलेल्या धान्याच्या वखारी होत्या, तिथं चिओपिस सापडे आणि प्लेगही तिथंच घुटमळे.

चार्ल्स १९२३ मध्ये वारले तेव्हा त्यांची मुलगी मिरियम पंधरा वर्षांची होती. तिचं शिक्षण बहुतेक घरीच झालं होतं. पुढे वडिलांच्या पिसवांचा तो अफाट संग्रह तिनं सहकाऱ्यांसोबत एकेक करून तपासला, आणि १९५३ पासून त्याची सचित्र सूची खंडाखंडानं प्रसिद्ध होऊ लागली. मुलांचा हात लागू नये म्हणून त्या जिवंत पिसवा प्लास्टिकच्या पिशव्यांत आपल्या झोपण्याच्या खोलीत ठेवत. १९८५ मध्ये रॉयल सोसायटीनं त्यांना फेलो केलं.

मिरियमबाईंचा सशावरच्या पिसूचा शोध मला फार मोठा वाटतो. १९५० च्या दशकात इंग्लंडात सशांची एक भयंकर साथ ही पिसू पसरवत होती, आणि तिला प्रयोगशाळेत वाढवणं कुणालाच जमत नव्हतं. ती रक्त प्यायची, जगायची, पण अंडी घालायची नाही. मिरियमबाईंना दिसलं की ती फक्त गाभण सशिणीवरच पिकते. सशिणीच्या रक्तातली गाभणपणाची संप्रेरकं पिसूच्या पोटात जातात आणि तिची अंडी तयार होऊ लागतात. सशीण व्याली की काही तासांत पिसवा तिच्या कानांवरून उतरून नवजात पिल्लांवर जातात, तिथं त्यांची जोडी जमते, घरट्यात अंडी पडतात, आणि मग त्या पुन्हा आईकडे परततात. पिसूचं बाळंतपण सशिणीच्या बाळंतपणाशी घड्याळासारखं जुळलेलं. यजमानाच्या संप्रेरकांवर एखाद्या कीटकाचं प्रजनन चालतं, हे त्याआधी कुणाला माहीत नव्हतं.

आता आपल्याकडे परत येऊ. १९९४ च्या ऑगस्टमध्ये बीड जिल्ह्यातल्या मामला गावच्या लोकांनी आरोग्य खात्याला दोन गोष्टी सांगितल्या. उंदीर मरून पडताहेत, आणि घरांत पिसवा फार झाल्यात. वर्षभरापूर्वी किल्लारीचा भूकंप झाला होता. त्या पट्ट्यात लोकांनी घरं सोडली, आतलं धान्य उंदरांच्या हाती लागलं आणि उंदीर वाढले, असं स्पष्टीकरण अभ्यासकांनी पुढे दिलं. गावात पिसवांवर फवारणी झाली, गाठींच्या तापाचे रुग्ण मिळाले. पुढच्या महिन्यात सुरतेत फुप्फुसांचा प्लेग उसळला आणि देशभर घबराट पसरली. पण खबर आधी मामल्याच्या लोकांनी दिली होती. उंदीर आणि पिसवा, दोन्ही एकाच तक्रारीत. सिमाँला जे पटवून देता आलं नव्हतं, ते गावकऱ्यांच्या बोलण्यात सहज आलं.

आज प्लेग झालाच तर वेळेवर दिलेल्या प्रतिजैविकांनी बरा होतो. मादागास्करमध्ये, काँगोत आणि पेरूत तो अजून आहे. भारतातही हिमाचलात २००२ मध्ये आणि उत्तरकाशी भागात २००४ मध्ये छोट्या साथी झाल्या. आपल्या भागात पिसूमुळे होणारे त्रास बहुधा साधे असतात: खाज, लहान मुलांना होणारा एक प्रकारचा चपटा जंत, कधी उंदराच्या पिसूमुळे येणारा टायफस ताप. तरी एकाच जागी बरेच उंदीर आपोआप मरून पडलेले दिसले, तर त्यांना हात लावू नये आणि आरोग्य केंद्राला कळवावं. आणि अशा ठिकाणी उंदीर मारायची घाई करू नये. उंदीर मेले की त्यांच्यावरच्या पिसवा घर शोधत बाहेर पडतात, आणि सर्वांत जवळचं गरम अंग आपलं असतं. साथीवर काम करणारे आधी बिळांच्या तोंडाशी आणि भिंतींच्या कडेनं पिसवा मारणारी भुकटी टाकतात, काही दिवस जाऊ देतात, आणि मगच उंदरांचे सापळे लावतात.